भोये सरांचा सुधारित जपानी तलवार वर्ग

किस्से मुद्दाम जमवावे लागत नाहीत. बंद पडलेल्या भातगिरणीत कोंडा जमतो तसे ते जमतात. रोज झाडा, रोज पुन्हा तळपायाला लागतो! हा दाखला मी हवेतून आणलेला नाही. आमचा तलवारीचा क्लास जव्हारमधल्या एका बंद भातगिरणीच्या शेडमध्ये भरायचा, आणि झाडायची पाळी बहुतेक माझ्यावरच यायची. कारण मी सगळ्यांच्या आधी पोचायचे. उशिरा गेलं की सगळे एकदम वळून बघतात, आणि सगळे एकदम वळले की मी दचकते.

दोन हजार सालाच्या आगेमागेची ही गोष्ट. अजून आम्ही जुनी मंडळी भेटलो की एकजण सुरू करतो, दुसरा "तसं नव्हतं झालं" म्हणतो आणि चहा गार होतो. म्हटलं, एकदा लिहूनच काढू.

*

भोये सर मूळचे ह्याच भागातले. तरुणपणी बोईसरकडे एका कारखान्यात फिटर होते. तिथे नवी मशिनं बसवायला ओकुदा नावाचे जपानी इंजिनीअर दोन वर्षं येऊन राहिले होते. ते रोज सकाळी गेस्ट हाउसच्या गच्चीवर लाकडी तलवार फिरवायचे. सर त्यांचा चहाचा थर्मास घेऊन वर जायचे आणि बघत उभे राहायचे. चौथ्या-पाचव्या दिवशी साहेबांनी थर्मास काढून घेतला आणि हातात तलवार दिली. एवढीच ॲडमिशन!

पुढे साहेब मायदेशी गेले. सर जव्हारला येऊन पाण्याचे पंप दुरुस्त करू लागले आणि संध्याकाळी क्लास घेऊ लागले. साहेबांनी शिकवलेलं जिथे आठवेना, तिथे त्यांनी आपल्या आजोबांची लाठी घातली. म्हणजे पाऊल जपानी, मनगट इथलं. बोर्डावर त्यांनी प्रामाणिकपणे लिहिलं होतं, 'जपानी तलवार वर्ग (सुधारित)'.

एकदा पंप दुरुस्तीला आलेल्या शेतकऱ्याने तो बोर्ड वाचून विचारलं, "सर, सुधारित म्हणजे हायब्रीड का?"

"हायब्रीडच."

"मग उतारा चांगला असंल!"

"उतारा चांगलाय," सर म्हणाले, "पण बी दरवर्षी नवीन आणावं लागतं. पोरं टिकत नाहीत!"

*

मी टिकले, कारण मला गरज होती.

बी.ए. झाल्यावर मला मोखाड्यापुढच्या सूर्यमाळच्या एका पाड्यावर वस्तीशाळेची बाई म्हणून काम मिळालं होतं. शाळा जूनमध्ये सुरू व्हायची होती. मार्चमध्ये पाडा बघायला गेले. डांबरी रस्त्यापासून जंगलातून पाऊण तास चालत. कुडाची एक खोली आणि नवी बाई बघायला जमून समोर बसलेली सतरा मुलं. मी फळ्यावर 'अ' काढला आणि मागे कुणाच्यातरी हातून पाटी पडली. मी एवढ्या मोठ्याने किंचाळले की पहिल्या रांगेतली दोघं रडायला लागली आणि दारातली शेळी पळून गेली!

ही बातमी माझ्या आधी घरी पोचली. माझे वडील, आप्पा, सरकारी दवाखान्यात कंपाउंडर. त्यांनी शांतपणे पान लावलं आणि म्हणाले, "सुरेखा, तिथे रात्री घुबड ओरडतं, दिवसा माकडं. तू आपली घरी शिकवण्या घे."

मी हट्टाला पेटले, तेव्हा त्यांनी अट घातली. त्यांना वाटलं असेल, हे काही व्हायचं नाही.

"त्या भोये मास्तरांची परीक्षा पास हो. मग सूर्यमाळ. नाही तर नाव काढायचं नाही."

सरांची परीक्षा अख्ख्या गावाला माहीत होती. समोरचा माणूस लाकडी तलवार डोक्यावरून सपकन खाली आणणार आणि तुमच्या कपाळापासून बोटभर अंतरावर थांबवणार. तुम्ही डोळे मिटायचे नाहीत. बस्स. लेखी नाही, तोंडी नाही.

पहिल्या शनिवारी मी उभी राहिले. सरांनी तलवार नुसती खांद्यावर घेतली.

"सुरेखा, अगं, मी अजून खांदा खाजवतोय! तू आत्ताच डोळे मिटलेस? एवढा वेग ओकुदासाहेबांचाही नव्हता!"

नापास. पुढच्या शनिवारीही नापास. त्याच्या पुढच्या शनिवारी तर परीक्षा सुरू व्हायच्या आधी बाहेर स्कूटरचा आवाज आला, म्हणून नापास!

*

आमच्या तलवारी रशीदचाचांनी केल्या होत्या. चाचा म्हणजे जव्हारचे जुने सुतार. पलंग, पाळणे आणि चौरंग ही त्यांची खासियत. सरांनी शेडच्या जमिनीवर खडूने हलकी बाकदार तलवार काढून दाखवली आणि सांगितलं, "चाचा, धामणीच्या लाकडाच्या सहा करा. काही नक्षी नको."

आठ दिवसांनी तलवारी आल्या. पातं अगदी खडूबरहुकूम. मूठ मात्र कातकाम केलेली! गोल कडी, मग गोळा, मग पुन्हा कडी. थेट पलंगाचा पाय!

"चाचा, हे काय?"

"मूठ प्लेन ठेवली तर लोक म्हणतील रशीदने काम अर्धवट सोडलं. माझं नाव आहे बाजारात!"

"अहो पण जपानमध्ये असं नसतं."

"जपानमध्ये रशीद पण नाही ना!"

सरांनी वैतागून एक उचलली. दोन हातांनी धरली. पुन्हा धरली. एक हात वरच्या कडीच्या खाली बसला, दुसरा खालच्या कडीच्या वर. बरोबर तेवढंच अंतर, जे आम्हाला शिकवता शिकवता सरांचा घसा बसायचा.

चाचा विडी पेटवत म्हणाले, "मास्टर, चालीस साल से पलंग बना रहा हूँ. आदमी का हाथ कहाँ जाता है, मालूम है मेरेको."

त्यानंतर सरांनी कधी प्लेन मूठ मागितली नाही. आणि चाचा स्वतःच क्लासला येऊ लागले, साठी उलटल्यावर! म्हणे, "माल कसा वापरतात ते बघायला पाहिजे."

*

आमची मोजणी जपानी होती. "इची, नी, सान, शी, गो, रोकु, शिची, हाची..." आणि त्यापुढे सगळे एका आवाजात, "नऊ! दहा!"

मला आधी वाटलं, ही काहीतरी खोल पद्धत असेल. मी वहीत लिहूनही घेतलं होतं. पण झालं होतं असं, की ओकुदासाहेबांचे आठ वार झाले की कारखान्याचा भोंगा व्हायचा आणि सर खाली पळायचे. नववा आकडा सरांनी कधी ऐकलाच नाही!

एकदा मुंबईहून कराटेचे एक मोठे परीक्षक देवदर्शनाला जाताना वाटेत आमच्याकडे थांबले. काळा पट्टा, काळा गॉगल. आमची मोजणी ऐकून त्यांनी गॉगल काढला.

"हे नऊ-दहा काय आहे?"

मला तर वाटलं, आता बोर्ड उतरवणार! सरांनी तलवार खाली टेकवली आणि म्हणाले,

"आठपर्यंत त्यांचं. पुढचं आपलं."

परीक्षकांनी गॉगल खिशात ठेवला. मग बूट काढून रांगेत येऊन उभे राहिले. आमच्याबरोबर शंभर वार मारले. घामाघूम झाले. "नऊ! दहा!" ला त्यांचाच आवाज सगळ्यांत मोठा!

*

सोमीबाई मोखाड्याकडच्या पोशेऱ्याची. घरची थोडी भातशेती, थोडी नागली, आणि बाजाराच्या दिवशी जव्हारला येऊन भाजी विकणं. एका दुपारी ऊन लागतंय म्हणून टोपली घेऊन शेडच्या दारात टेकली, ती टेकलीच.

त्या दिवशी सर जपानी बैठक शिकवत होते. गुडघे मोडून, टाचांवर, पाठ ताठ. "पाच मिनिटं हलायचं नाही!" तिसऱ्या मिनिटाला मुंग्या आल्या. आमच्यातला एक बँकेतला क्लार्क उठायला गेला आणि सरळ चाचांच्या मांडीवर कोसळला. मी तर पायाला काहीतरी चावलं म्हणून ओरडले. चावलं काहीच नव्हतं, पाय झोपला होता!

सर वैतागून वळले. दारात सोमीबाई त्याच बैठकीत, पाठ ताठ, भाजी निवडत बसलेली. अर्ध्या तासापासून!

"बाई, पाय दुखत नाहीत?"

"लावणीला दिसभर वाकतंय, त्यापरीस ही बैठक म्हंजी आराम हाय."

सरांनी तिला आत बोलावून हातात तलवार दिली. तिने ती खालीवर न्याहाळली. "इतका लांब कोयता कशाला? वाकायला लागू नये म्हणून काय?"

"मारून बघा."

सरावासाठी टांगलेल्या, जीपच्या जुन्या टायरवर तिने एक वार केला. लाकडं फोडतात तसा, कमरेतून. टायर गरगर फिरून उलटा आला आणि क्लार्कला लागला. त्या दिवशी त्याचे ग्रहच फिरले होते!

सरांनी फिरता टायर हाताने थांबवला. मग आमच्याकडे वळून म्हणाले, "इतके दिवस मी तुम्हाला काय शिकवत होतो?"

सोमीबाईने मला मात्र जवळ घेतलं. "ताई, तू दचकतेस ते वंगाळ नाय. रानात दचकणारंच जनावर वाचतं. फक्त दचकून बघायचं. तू दचकून मिटतेस."

हे मला बी.ए.च्या तीन वर्षांत कुणी सांगितलं नव्हतं.

*

भाताचा पेंढा भिजवून, गुंडाळून, खांबाला बांधायचा आणि त्यावर वार करून बघायचा, असा जपानी लोकांचा सराव असतो म्हणे. ते चटया वापरतात. आमच्याकडे पेंढा भरपूर. सरांनी चार गुंडाळे रात्रभर मिठाच्या पाण्यात भिजवले, कीड लागू नये म्हणून. ही सुधारणा अर्थात सरांचीच. सकाळी ते अंगणात खांबांना बांधले आणि मला म्हणाले, "सगळे येईपर्यंत लक्ष ठेव."

मी लक्ष ठेवलं. अगदी डोळ्यांत तेल घालून. तेवढ्यात माझ्या मानेवर कुणीतरी 'फुर्रर्र' केलं. मी थेट शेडच्या आत, दाराला कडी लावून! फटीतून बघते तर शेजारच्या सदूभाऊंचे दोन बैल. मी बाहेर येऊन "हट" म्हणायला पाहिजे होतं. म्हटलंही. पण कडीच्या आतून!

सगळे जमले तेव्हा चार खांब आणि चार सुतळ्या उरल्या होत्या.

दुसऱ्या दिवशी सदूभाऊ आले. मला वाटलं माफी मागायला. ते तर भांडायलाच आले होते! "सर, काय केलंय तुमी त्या पेंढ्याला? बैल घरच्या पेंढ्याला तोंड लावंनात! दावं तोडून इकडंच पळतात."

खरंच, दोन्ही बैल फाटकाशी उभे होते. वेळेवर, मान वर करून.

सर म्हणाले, "राहू द्या. एवढी हजेरी माझ्या एकाही विद्यार्थ्याची नाही!"

*

क्लासला विद्यार्थी मिळावेत म्हणून आम्ही मोखाड्याच्या आठवडी बाजारात प्रात्यक्षिक ठरवलं. तलवारी धोतरात गुंडाळून एसटीने नेल्या. झाडाखाली जागा झाडली, तलवारी एका ओळीत मांडल्या, मुठी बाहेर. सर माइक नसल्यामुळे नुसतेच घसा खाकरत होते, तेवढ्यात एक आजोबा वाकले, एक मूठ चाचपली आणि म्हणाले, "जोडी कशी दिली? का चारच घ्यावे लागतील?"

"आजोबा, ह्या तलवारी आहेत!"

"आसू दे. पलंगाला बसतील का?"

प्रात्यक्षिक सुरू झालं. मी आणि सोमीबाई समोरासमोर. सगळं ठीक चाललं होतं. मी डोळे उघडे ठेवून चक्क चार वार अडवले! पाचव्याला माझ्या मागे एका जीपवाल्याने हॉर्न मारला आणि माझ्या हातातली तलवार सुटली. लोकांच्या डोक्यावरून गेली आणि सुकटवाल्या मावशींच्या ढिगात उभी रुतली.

मावशींनी ती उपटली, वास घेतला आणि ओरडल्या, "कोनाची हाय? न्या लवकर, नायतर तोलून इकीन!"

अख्खा बाजार हसला. मी मेल्याहून मेले. पण मग लक्षात आलं. तलवार कुठून कुठे गेली आणि कुठल्या ढिगात पडली, ते सगळं मला दिसलं होतं. म्हणजे हॉर्न वाजला तेव्हा मी दचकले होते, पण मिटले नव्हते! मी धावत जाऊन सरांना सांगितलं.

"एकही डोळा मिटला नाही?"

"एक मिटला असेल. डावा."

"मग अर्धी पास," सर म्हणाले.

त्या दिवशी क्लासला एकही नवीन विद्यार्थी मिळाला नाही. रशीदचाचांना तीन पलंगांच्या ऑर्डरी मिळाल्या.

*

सोमवारी शाळा उघडणार होती. त्याआधीच्या शनिवारी आप्पा स्वतः शेडमध्ये आले. पांढरा शर्ट, खिशाला दोन पेनं, चेहरा दवाखान्यातला. चाचांनी त्यांना स्टूल दिलं. आज झालं तर झालं, नाहीतर शिकवण्या.

सरांनी तलवार उचलली तसे आप्पा उभे राहिले.

"सर, एक मिनिट. राग मानू नका. पण तीन महिने ती तुमच्यासमोर उभी राहतेय. तिला तुमची सवय झालीय. ही खरी परीक्षा नव्हे. दुसऱ्या कुणीतरी घ्यायला पाहिजे."

"बरोबर आहे," सर म्हणाले आणि तलवार त्यांच्यापुढे धरली. "तुम्ही घ्या."

"मी? अहो, मी तिचा बाप आहे!"

"तलवार घेतलेले आप्पा तिने कधी बघितलेत?"

आप्पांनी स्टुलाकडे बघितलं, दाराकडे बघितलं आणि तलवार घेतली. सरांनी त्यांना उभं कसं राहायचं ते दाखवलं. हळू आणायची, कपाळापासून एका वितीवर थांबवायची. एका बोटाचा नियम राहू दे, वीतभर पुरे.

मी समोर उभी राहिले. तीस वर्षं लोकांना इंजेक्शनं दिलेला माणूस, पण तलवार एकदा ह्या हातात, एकदा त्या हातात घेत होते. तलवार डोक्यावर गेली आणि तिथेच राहिली.

"आणा खाली," सर म्हणाले. "पोटातून ओरडायचं आणि आणायची."

आप्पा ओरडले, "अरे देवा!"

आणि त्यांनी डोळे गच्च मिटले!

मला एवढंच दिसलं, की डोळे मिटलेला माणूस तलवार घेऊन माझ्यावर येतोय, हळूबिळू काही नाही, आणि ती कपाळाकडे नाही तर डाव्या कानाकडे चाललीय. आता दोघांनीही मिटले तर तिच्याकडे बघणार कोण? मी बघत राहिले. कुठे वळली, कुठे कलली, शेवटपर्यंत बघितलं. मग शिकवल्याप्रमाणे अर्धं पाऊल बाजूला आणि एक पाऊल पुढे, त्यांच्या पाठीशी. तलवार जमिनीवर आपटली. कोंडा उडाला.

आप्पा तसेच वाकलेले. डोळे तसेच मिटलेले.

"सर... लागलं का तिला?"

"डोळे उघडा आणि बघा."

"आधी सांगा!"

"आप्पा," मी म्हटलं, "मी इकडे आहे. तुमच्या मागे."

आप्पा असे दचकले, असे दचकले, की चष्मा उडून कोंड्यात पडला!

सोमीबाईने तो उचलला, पदराने पुसला आणि त्यांच्या हातात दिला. रशीदचाचा हळूच म्हणाले, "मास्टर, इसमें पास कौन हुआ?" सरांनी त्यांना हाताने गप्प केलं.

आप्पांनी चष्मा लावला. माझं कपाळ बघितलं. मग डावा कान बघितला. मग उगीचच उजवाही बघितला. तलवार सरांच्या हातात दिली आणि दाराशी जाऊन चपला घालू लागले. चपलेत पाय काही लवकर जाईना. खाली बघतच त्यांनी सोमीबाईला विचारलं,

"मोखाड्याहून सूर्यमाळची पहिली जीप किती वाजता सुटते हो?"